जमात-खबर, खंड नववा

नवी दिल्ली,
८ जुलै २०२४

आदरणीय कोळी सर,
सादर नमस्कार.

तुम्ही मला ओळखत नाही, पण माझ्या अब्बांना चांगलं ओळखायचात. अहमद मुकादम. कोकण भवनात टायपिस्ट होते. दर दुसऱ्या आणि चौथ्या शनिवारी तळोज्याहून बस पकडून ते बेलापूरला तुमच्या लायब्ररीत, पश्चिम समुद्र अभ्यास मंडळात, येऊन बसायचे. घरी तुमचा उल्लेख 'आमचे कोळी सर' असाच व्हायचा. गेल्या वर्षी रमजानच्या आधी अब्बा गेले. झोपेतच गेले, त्रास झाला नाही.

मी इथे पीएच.डी. करते. कोकणातून पूर्व आफ्रिकेत गेलेले मुसलमान खलाशी आणि गावी मागे राहिलेल्या त्यांच्या बायका, असा विषय आहे. अब्बांच्या कपाटात एक वही सापडली. तिच्यात मजकूर काहीच नाही, नुसते संदर्भ आहेत. खंड, अंक, पान. लायब्ररी कुठे पळून जातेय, मग उतरवून कशाला घ्यायचं, असं त्यांना वाटलं असणार. दोन नोंदींखाली लाल रेघ आहे:

जमात-खबर, खंड ९, अंक ४, पान ११. दादीचा सवाल.
जमात-खबर, खंड ९, अंक ७, पान १४. जबाब. अफिफाला दाखवायचं.

तुमचं 'आफ्रिका अभ्यास: संदर्भसाधने आणि नियतकालिके' हे पुस्तक आमच्या डिपार्टमेंटमध्ये सगळ्यांच्या टेबलावर असतं. तिसऱ्या आवृत्तीत पान ८८ वर लिहिलंय: 'जमात-खबर, मोंबासा. मासिक, उर्दू. खंड १ ते २४, पूर्ण संच, मंडळाचे ग्रंथालय, बेलापूर. अन्यत्र आढळ नाही.' ते वाचून मी अक्षरशः उडीच मारली.

लायब्ररीत फोन केला, तर तिथल्या मॅडम नव्या आहेत. म्हणाल्या, आफ्रिकेचं सगळं कोळी सरांनाच माहीत, आणि त्यांना फोनवर ऐकू येत नाही, पत्र लिहा. म्हणून हे पत्र. मला फक्त ही दोन पानं हवी आहेत. मिळतील ना?

आपली,
अफिफा मुकादम


दिवाळे गाव, बेलापूर,
१९ जुलै २०२४

चि. अफिफा हिस अनेक आशीर्वाद.

अहमदभाई गेल्याचं तुझ्या पत्रातून कळलं. फार वाईट वाटलं. मध्यंतरी कुणी सांगितलंही नाही. सांगणार तरी कोण म्हणा, मी गावाबाहेर पडतच नाही.

या पत्राला सुकटीचा वास येईल, त्याला माझा इलाज नाही. पावसामुळे सगुणाने, म्हणजे माझ्या बायकोने, सगळे डबे माझ्या टेबलाखाली सरकवलेत. आम्ही दिवाळ्याचे कोळी. सगळं गाव खाडीत जाळं टाकायचं आणि मी एकटा कार्डांच्या खणात हात घालायचो. बाबा म्हणायचे, हरेशच्या जाल्यात कागुदच घावतो.

अहमदभाईंसारखा वाचक मी तीस वर्षांत पाहिला नाही. आवाज नाही, पानाला थुंकी नाही, पानाचा कोपरा दुमडणं नाही. वाचून झालं की खंड स्वतः उचलून रॅकमध्ये जिथल्या तिथे लावून ठेवायचे. मी नव्या मुलांना त्यांचं उदाहरण द्यायचो.

आता कामाचं. तुमची पिढी उलटी चालते. आधी अंक मागते, मग सूची बघते. तू असं कर. पहिल्यांदा भारतातल्या ग्रंथालयांची नियतकालिकांची संयुक्त सूची बघ. मग लंडनची. मग नैरोबीच्या वर्तमानपत्रांच्या मायक्रोफिल्मची यादी. आणि केनियाचं सरकारी गॅझेट सोडू नकोस. मेलेल्या माणसांच्या मागे राहिलेल्या चीजवस्तूंच्या नोटिसा त्यात छापून यायच्या. खलाशाची ट्रंक असली तरी नोटीस निघायची. मुंबईतून सुटणाऱ्या बोटींवरच्या खलाशांच्या हजेऱ्याही बघ. एवढं केलंस तर तुला 'जमात-खबर'ची गरजही कदाचित लागणार नाही.

त्याचं मी बघतो. निवृत्त माणसाला आत शिरायला चार जणांची मनधरणी करावी लागते, तेव्हा घाई करू नकोस. फेब्रुवारीत पुस्तकाची चौथी आवृत्ती निघतेय आणि मंडळ मला शाल-श्रीफळ देणार आहे. त्या निमित्ताने का होईना, मला दारात उभं करतील.

हरेश कोळी


नवी दिल्ली,
२७ ऑगस्ट २०२४

आदरणीय सर,

पत्राला खरंच वास होता. हॉस्टेलमध्ये मला एकदम घरी गेल्यासारखं वाटलं.

तुम्ही सांगितलंत ते सगळं केलं. संयुक्त सूचीत नाही. लंडनला मेल केली, त्यांच्याकडे नाही. नैरोबीच्या यादीत नाही. गॅझेटची चौदा वर्षं पान न् पान बघितली. इतर सहा खलाशी सापडले, आमचे पणजोबा नाहीत. सगळीकडून मी परत तुमच्याच पान ८८ वर येते.

आता तुम्हाला नीट सांगते, म्हणजे मी एवढी मागे का लागलेय ते कळेल. जैनब म्हणजे अब्बांची दादी. म्हसळ्याची. नवरा मोंबासाला गोदीत कामाला गेला, चार वर्षं पत्रं आली, पैसे आले, मग एकदम बंद. 'जमात-खबर'मध्ये बायकांच्या चौकशीचं एक पान असायचं. गावातल्या मौलवींकडून लिहून घेऊन तिने त्या पानाला पत्र पाठवलं, माझा माणूस कुठे आहे म्हणून. हे तिला शेवटपर्यंत आठवायचं. उत्तराचा अंक गावात कधी पोचलाच नाही. ती म्हातारी होऊन मेली, पण इद्दतीला बसली नाही. बेवा झाल्यावर बाई चार महिने दहा दिवस घरात बसते ना, ते. खबरच नाही तर बसणार कशी? लोक तिला विचारायचे, तू बेवा की सुहागन? ती म्हणायची, माका काय म्हायती.

म्हणजे अंक ७, पान १४ वर तिचं उत्तर आहे. अब्बांनी ते वाचलं होतं. घरात कुणालाच सांगितलं नाही, अम्मीलासुद्धा नाही.

माझं चौथं प्रकरण या दोन पानांवर उभं आहे. ३१ जानेवारीला द्यायचंय. आमच्या गाइड मॅडम म्हणतात, जे पान तू डोळ्यांनी बघितलं नाहीस त्याचा संदर्भ देता येणार नाही. पण सर, प्रकरण गेलं खड्ड्यात. मला ते उत्तर वाचायचंय. डिसेंबरमध्ये येऊ का? मोबाइलवर फोटो काढीन, खंडाला धक्का लागणार नाही.

अफिफा


दिवाळे,
२० सप्टेंबर २०२४

चि. अफिफा,

उत्तराला उशीर झाला. तब्येत बरी नव्हती.

लायब्ररीत जाऊन आलो. तिथे सगळी उलथापालथ आहे. मागे एक मजला सोडावा लागला, तेव्हा सामान इकडचं तिकडे झालं. नववा खंड जागेवर दिसला नाही. अशा जागी काय होईल सांगता येत नाही. कधी चुकीच्या रॅकमध्ये जातो, कधी एखादा वाचक प्रेमापोटी घरीही नेतो. डिसेंबरमध्ये उगाच तिकीट काढू नकोस. प्रकरण दुसऱ्या साधनांवर उभं करता येतं का ते बघ.

हरेश कोळी


तळोजा,
३ नोव्हेंबर २०२४

आदरणीय सर,

दिवाळीच्या सुट्टीत घरी आलेय. तुमचं पत्र मी पुन्हा पुन्हा वाचलं. 'एखादा वाचक प्रेमापोटी घरीही नेतो.' तुम्ही सभ्य आहात, नाव घेतलं नाहीत. पण खंड स्वतः उचलून लावणारा वाचक कोण होता, हे तुम्हीच मला कळवलंय.

मी आणि माझा भाऊ शहजाद, आम्ही चार दिवस घर उलटंपालटं केलं. माळा उतरवला. दिवाणाखालचं काढलं. अब्बांच्या ट्रंका उघडल्या. कपडे अजून अम्मीने धुऊन घडी करून ठेवलेत, तेही उलगडले. अम्मी मागून परत घड्या करत होती. मग मी गादीची शिवण उसवायला घेतली तेव्हा ओरडली, 'त्यांनी कोनाची टाचनी पन कधी उचलली न्हाय, आनि तू त्यांना चोर ठरवतंस?' त्यानंतर ती माझ्याशी बोलत नाहीये.

काही मिळालं नाही. पण मला वाटतंय की त्यांनीच नेला असणार. उत्तर इतकं वाईट असेल की दुसऱ्या कुणी वाचू नये असं वाटलं असेल त्यांना. म्हणूनच घरी गप्प राहिले. सर, तसं असेल तर त्यांच्या वतीने मी मंडळाची माफी मागते. लेखी हवी असेल तर तशी देते. फक्त चौथ्या आवृत्तीत त्यांचं नाव येऊ देऊ नका.

अफिफा


दिवाळे,
११ नोव्हेंबर २०२४

अफिफा,

तुझे वडील चोर नव्हते. एवढी ओळ आधी आईला वाचून दाखव, मग पुढचं वाच.

तुझं पत्र मी सगुणाला वाचून दाखवलं. ती बोंबील निवडत होती. हात न थांबवता म्हणाली, 'मेलेल्या मानसाच्या गादीची शिवन उसवली पोरीनं. तुमाला ठावं हाय ना सगलं? मंग कवर फिरवताव तिला?' म्हणून हे लिहायला बसलो.

खंड हरवला नाही, कुणी नेलाही नाही. 'जमात-खबर'चे चोवीसच्या चोवीस खंड २०१३ च्या मे महिन्यात रद्दीच्या टेम्पोत गेले. कागदावर सही माझी आहे.

कसे गेले ते सांगतो. आमच्याकडे मासिकं घरी देत नसत, तिथेच बसून वाचायची. मग कुठलं मासिक वाचलं जातं हे कळायचं कसं? तर वाचकाने अंक टेबलावरच सोडायचा. संध्याकाळी आमचा शिपाई शिवा तो उचलायचा, आतल्या चिठ्ठीवर पेन्सिलीने एक टिंब द्यायचा आणि मगच रॅकमध्ये लावायचा. भिंतीवर मी पाटीच लावली होती: 'अंक टेबलावरच ठेवा. स्वतः जागेवर लावू नका.' अहमदभाईंना ते जमेना. वाचलेलं तसंच टाकून उठायचं म्हणजे त्यांना खरकटं ताट सोडून उठल्यासारखं वाटायचं. मला त्यांचं फार कौतुक. मी म्हटलं, तुम्ही घरचेच, तुम्ही लावत जा. पाटी दुसऱ्यांसाठी आहे.

सोळा वर्षं ते लावत गेले. सोळा वर्षं एकही टिंब पडलं नाही. आमच्या सगळ्या संग्रहात इतका जीव लावून दुसरं काही वाचलं गेलं नसेल, आणि चिठ्ठी कोरी.

मग मंडळाला भाडं परवडेना, एक मजला सोडायचं ठरलं. दहा वर्षांत टिंब नाही ते काढून टाका, असा ठराव झाला. एकच सूट होती. जे दुसऱ्या कुठल्याही ग्रंथालयात नाही ते ठेवायचं. यादीत शेवटचा रकाना त्यासाठीच होता: 'अन्यत्र उपलब्ध?' प्रत्येक नाव सूचीत बघून तो भरायचं काम माझं. दोनशे बारा नावं आणि हाताशी तीन दिवस. पहिली पंधरा-वीस बघितली, सगळी दुसरीकडे होती. मग मी प्रत्येक पानावर वर एकदा 'होय' लिहिलं आणि तळापर्यंत उभी रेघ ओढली. ज्या माणसाने पुस्तकात 'अन्यत्र आढळ नाही' असं छापलं, त्याच माणसाने. स्वतःचं पुस्तक उघडून बघायचंसुद्धा मला सुचलं नाही. इतकी खात्री होती मला, की आफ्रिकेचं सगळं माझ्या डोक्यात आहे.

तीन आठवड्यांनी अहमदभाई आले. रिकाम्या रॅकसमोर उभे राहिले. मग माझ्याकडे येऊन म्हणाले, 'सर, पोरगी बारावी झाली. पुढच्या शनिवारी तिला आनतो. खबरचे खंड कुठे हायेत?' आणि मी म्हणालो, बाइंडिंगला गेलेत.

अफिफा, मी तेव्हा खरं सांगायला हवं होतं. रद्दीवाला तुर्भ्याचा होता. त्या दिवशी धावलो असतो तर काही हाती लागलंही असतं. मी पुढची दीड वर्षं त्यांना बाइंडिंगच सांगत राहिलो. दर दुसऱ्या आणि चौथ्या शनिवारी ते यायचे, 'आले का?' एवढंच विचारायचे, थोडा वेळ बसायचे आणि जायचे. मग यायचे बंद झाले. मला सुटल्यासारखं वाटलं, हेही लिहून टाकतो.

त्याआधी एकदा त्यांनी झेरॉक्स मागितली होती. मी नाही म्हटलं होतं. बांधणी मोडते, असा माझाच नियम.

२०१६ मध्ये तिसरी आवृत्ती निघाली तेव्हा पान ८८ वरची नोंद तशीच राहू दिली. काढली असती तर कुणीतरी का म्हणून विचारलं असतं. त्या नोंदीने तुला दिल्लीहून माझ्या दारात आणलं, आणि तुलाही मी आधी नैरोबी आणि लंडनच्या वाटेला लावलं. तिकडे काही नाही हे मला ठाऊक होतं.

क्षमा माग असं कुणी सांगितलं नाही, आणि मागण्याची माझी लायकी नाही. त्या यादीची माझ्याकडची प्रत सोबत जोडतो. तिसरं पान, ओळ सातवी. तुझ्या मॅडमना दाखव.

हरेश


नवी दिल्ली,
३० डिसेंबर २०२४

कोळी सर,

पत्र अम्मीला वाचून दाखवलं. तिने यादीवर अब्बांचं नाव नाही ना, एवढं दोनदा विचारलं. नंतर माझ्याशी बोलली.

तुम्हाला काय लिहावं ते दीड महिना कळत नव्हतं. चिडून लिहिलेली तीन पत्रं फाडली. तुम्ही त्यांना खरं सांगितलं असतंत तर ते चिडले नसते, हे तुम्हालाही माहीत होतं. त्यांनी निदान आठवणीतून तरी मला सांगितलं असतं. ते अंक परत यायची वाट बघत राहिले, मला प्रत्यक्ष दाखवायचं म्हणून, आणि जवळजवळ दहा वर्षं त्यांनी तोंड उघडलं नाही. खरं सांगू, रद्दीपेक्षा मला हे जास्त लागलं.

प्रकरण मी बदललंय. त्याची काळजी करू नका.

एकच विचारायचंय. तुम्हाला उर्दू वाचता येत नाही, हे तुम्हीच प्रस्तावनेत लिहिलंय. पण अब्बा तुमच्याशी बोलायचे. त्या जबाबात काय होतं हे त्यांनी तुम्हाला कधी सांगितलं का? एखादा शब्द, एखाद्या जागेचं नाव, काहीही. जे असेल ते लिहा. वाईट असलं तरी.

अफिफा


दिवाळे,
९ जानेवारी २०२५

चि. अफिफा,

चौथ्या आवृत्तीच्या पान ८८ वर आता असं छापलं जाईल: 'जमात-खबर, मोंबासा. संच २०१३ मध्ये ग्रंथपालाच्या चुकीने नष्ट. अन्यत्र आढळ नाही.' मंडळाचे लोक म्हणाले, चुकीने कशाला, नुसतं नष्ट लिहा. मी ऐकलं नाही. शाल-श्रीफळ नको म्हणून कळवलंय. तिसरी आवृत्ती जिथे जिथे गेली त्या एकेचाळीस ग्रंथालयांना दुरुस्तीची पत्रं टाकली.

तू विचारलंस त्याचं उत्तर द्यायला मला या सगळ्यापेक्षा जड जातंय.

हो. त्यांनी सांगितलं होतं.

साल २००९ असावं. मार्च महिना, कारण मी वार्षिक अहवाल भरत होतो. अहमदभाई नववा खंड छातीशी धरून माझ्या टेबलापाशी आले आणि म्हणाले, 'सर, पाच मिनटं हायेत? दादीचा जबाब घावला.' मी मान वर न करता म्हटलं, वाचा वाचा. ते उभ्यानेच वाचायला लागले. एक ओळ उर्दूत वाचायचे, मग मला कळावी म्हणून मराठीत सांगायचे. बराच वेळ वाचत होते. मी अहवालात वर्गणीदारांच्या आकड्यांची बेरीज करत होतो. मध्ये 'हो का', 'अच्छा' म्हणत होतो. आवाज कानावर पडत होता. तेव्हा मला चांगलं ऐकू यायचं, अफिफा.

तुझं पत्र आल्यापासून मी रोज आठवायला बसतो. एखादं गाव, एखाद्या रोगाचं नाव, एखाद्या बाईचं नाव. काहीच हाती लागत नाही. खाडीवर जाऊन बसलो, जुने अहवाल काढून ती बेरीज समोर ठेवून बसलो. बेरीज आठवते. ते काय वाचत होते ते नाही.

फक्त शेवट आठवतो. वाचून झाल्यावर ते थांबले. मी काहीतरी बोलावं म्हणून थांबले असतील. मी मान वर केली आणि म्हणालो, 'वा, छान.'

त्यांनी माझ्याकडे नुसतं बघितलं.  मग खंड मिटला, रॅककडे गेले, आणि पाठ करून तिथेच खूप वेळ उभे राहिले. मला वाटलं, काहीतरी शोधतायत.

घरी त्यांनी कुणालाच सांगितलं नाही, असं तू लिहिलंस. सांगून बघितलं होतं, ते एकट्या मला. त्यानंतर दुसऱ्या कुणाला सांगावंसं वाटलं नसेल.

तेव्हा मला एवढंच लिहिता येतं. तुझ्या पणजीला जे उत्तर आलं होतं, ते छान म्हणण्यासारखं नव्हतं.

हरेश कोळी